महालिया जॅक्सन आणि मागून येणारी झील

तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. तुम्ही चर्चमध्ये गाता, आवाज भरदार आणि खालच्या पट्टीतला आहे, आता ऑर्केस्ट्रावाले बोलावू लागले आहेत. घरात कुणीतरी अमेरिकेतली कृष्णवर्णीय भक्तिगायिका महालिया जॅक्सन हिचा दाखला देऊन म्हणालं, "तिनं आयुष्यभर देवाच्या गाण्याशिवाय काही गायलं नाही." त्यावर तुम्ही चार गोष्टी विचारल्यात: हे खरं आहे का, मग तिनं पोट कसं भरलं, ती गाणं कुणाकडे शिकली, आणि तिच्या गाण्यात असं काय आहे की छापील नोटेशन समोर ठेवून गायलं तरी ते येत नाही.

मी सत्तावीस वर्षं चर्चमध्ये क्वायर बसवते. त्याआधी वडिलांच्या हार्मोनियममागे बसून नारायण वामन टिळकांची ख्रिस्ती भजनं म्हणत मोठी झाले. महालियाची पहिली कॅसेट मला विशीत मिळाली आणि तिची फीत झिजेपर्यंत मी ती ऐकली. एवढ्या वर्षांनी मला तिच्याबद्दल एकच गोष्ट सांगायची आहे, बाकीचं सगळं त्याच्याभोवती येईल. आपल्याकडे शाहीर पोवाडा गातो तेव्हा मागं झीलकरी असतात. शाहिरानं ओळ टाकली की ते "जी जी र जी" करून ती उचलतात, आणि त्या झिलीवर पाय ठेवून शाहीर पुढची पायरी चढतो. महालियाचं गाणं हे असं झिलीवर उभं असलेलं गाणं आहे. चर्चमध्ये उपासनेला जमलेली मंडळी हेच तिचे झीलकरी. तिनं काय गायलं, काय नाकारलं, कुठे फसली, कुठे उंच गेली, हे सगळं मला या एका गोष्टीवरून कळत गेलं.

ती जन्मली २६ ऑक्टोबर १९११ रोजी, अमेरिकेच्या दक्षिणेतल्या न्यू ऑर्लिन्समध्ये. जन्माचं नाव महाला. आई लोकांची धुणी धुवायची, वडील गोदीत हमाली करायचे आणि जोडीला लोकांची दाढी-कटिंग. घर मिसिसिपी नदीचा बांध आणि रेल्वेचे रूळ यांच्या मधल्या वस्तीत. जन्मतःच पाय धनुष्यासारखे वाकलेले होते. पाच-सहा वर्षांची असताना आई गेली आणि ड्यूक मावशीनं तिला वाढवलं. मावशी कडक होती. घर झाडण्यापासून गादीत भरायचा पाला गोळा करण्यापर्यंत सगळी कामं या पोरीच्या अंगावर, आणि चौथीतच शाळा सुटली. पण चर्च सुटलं नाही. बुधवारी, शुक्रवारी, रविवारी, जेव्हा दार उघडं असेल तेव्हा ती तिथं असायची.

आता गाण्याचं ऐका. तिचं स्वतःचं चर्च बॅप्टिस्ट. तिथे जुनी स्तोत्रं संथपणे म्हणायची रीत होती. लोकांकडे पुस्तकं नव्हती, अनेकांना वाचता येत नव्हतं, म्हणून एक वडीलधारा माणूस ओळ भराभर सांगायचा आणि मग सगळी मंडळी ती ओळ लांबवत, वळवत, आपापल्या अंगानं नटवत म्हणायची. अठराव्या शतकातल्या आयझॅक वॉट्स या इंग्रज कवीच्या नावावरून तिथले लोक या प्रकाराला ‘डॉक्टर वॉट्स’ म्हणत. ठेका नाही, मात्रा मोजायच्या नाहीत. एकेका अक्षरावर पाच-सहा सुरांची हालचाल, आणि पन्नास माणसं पन्नास वाटांनी एकाच सुरावर येऊन मिळतात. गावच्या देवळात पहाटेच्या काकड्याला म्हातारी माणसं अभंग ओढून म्हणतात ते तुम्ही ऐकलं असेल, तर हा नाद कानाला अगदीच परका वाटणार नाही.

घराशेजारी दुसरं एक चर्च होतं, होलिनेस पंथाचं. तिथे ऑर्गन नव्हता, क्वायरही नव्हता. ढोल, झांजा, खंजिरी, लोखंडी त्रिकोण आणि लोकांचे हातपाय एवढंच वाद्यवृंद. पण सगळे जण पूर्ण अंगानं गायचे. महालिया स्वतः सांगायची की तिची लय तिथून आली. आणि तिसरा झरा मावशीच्या डोळ्यांआड होता. मावसभावाकडे बेसी स्मिथ या गायिकेच्या ब्लूजच्या, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या चर्चबाहेरच्या, दुःखाच्या गाण्यांच्या तबकड्या होत्या. मावशी कामाला गेली की ही पोर त्या लावायची आणि बेसी स्मिथ आवाज कसा काढते, तोंड कसं उघडत असेल, सूर कसा घासत वर नेते, ते ऐकून ऐकून तसंच करायची.

ही तीन माणसांची नव्हे, तीन ठिकाणांची तालीम आहे. म्हणून "ती कुणाकडे शिकली" याचं उत्तर मी एका नावात देऊ शकत नाही. ती एकदा शिक्षकाकडे गेली होती, तेही सांगते, पण त्यासाठी शिकागोला जावं लागेल.

१९२७ च्या सुमारास, सोळा-सतरा वर्षांची असताना, ती शिकागोला आली. त्या काळात दक्षिणेतले लाखो कृष्णवर्णीय लोक कापसाची शेतं, कर्ज आणि झुंडीची दहशत मागं टाकून उत्तरेच्या शहरांत येत होते. ती त्यांच्यातलीच एक. तिला नर्स व्हायचं होतं, हातात आलं धुणं आणि मोलकरणीचं काम. ग्रेटर सेलम बॅप्टिस्ट चर्चच्या क्वायरमध्ये ती दाखल झाली आणि तिथल्या पाळकांच्या मुलांबरोबर जॉन्सन सिंगर्स नावाच्या छोट्या गटात गाऊ लागली. गट या चर्चमधून त्या चर्चमध्ये फिरायचा.

पण शिकागोची मोठी चर्चेस वेगळी होती. तिथल्या सुशिक्षित मंडळींना युरोपीय धाटणीचं, सरळ उभं राहून, पुस्तकातून गायलेलं संगीत हवं होतं. टाळ्या, अंग हलवणं, हुंकार, हे सगळं त्यांना गुलामीची आणि खेड्याची आठवण करून देणारं वाटे. माझ्या मते यात त्यांना सरसकट दोष देता येत नाही. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या "तुम्ही रानटी" असं ऐकवलं गेलं, ते स्वतःच्या आजीच्या गाण्याचीही लाज बाळगू लागतात. आपल्याकडेही मिशनच्या आवारात टाळ-मृदंग आत घ्यावा का यावर वाद झालेच. नारायण वामन टिळकांनी अभंगाच्या आणि ओवीच्या चालींत ख्रिस्ताची भजनं लिहिली म्हणून माझ्या वडिलांची पिढी स्वतःच्या बोलीत गाऊ शकली. शिकागोत महालियाला पाळकांनी व्यासपीठावरून टोकल्याच्या गोष्टी आहेत. तिचं म्हणणं साधं होतं: आमच्याकडे दक्षिणेत असंच गातात.

याच काळात चार डॉलर भरून ती एका नावाजलेल्या कृष्णवर्णीय संगीतशिक्षकाकडे गेली. चार डॉलर म्हणजे तिच्या हिशेबात कित्येक दिवसांची धुणी. शिक्षकानं सांगितलं की तू ओरडतेस, हे असं गाणं आपल्या लोकांना शोभत नाही, गोऱ्यांना कळेल असं गा. त्यानंतर ती त्याच्याकडे परत गेली नाही. मी स्वतः गाणं शिकवते, म्हणून हा प्रसंग मला दरवेळी टोचतो. तो शिक्षक ऐकत होता, पण त्याच्या खोलीत मंडळी नव्हती. झीलकऱ्यांशिवाय शाहिराची एकटी ओळ ऐकली तर तो आरडाओरडाच वाटणार.

तिला पुढे नेणारा माणूस निराळा होता. थॉमस डॉर्सी. जन्म १८९९, जॉर्जियातला. तरुणपणी ‘जॉर्जिया टॉम’ या नावानं ब्लूजचा पियानो वाजवायचा, मा रेनी या ब्लूज गायिकेच्या ताफ्यात होता. मग तो चर्चकडे वळला आणि ब्लूजची चाल, ब्लूजचा ठेका तसाच ठेवून त्यात भक्तीचे शब्द घालू लागला. आज आपण जिला पारंपरिक गॉस्पेल, म्हणजे कृष्णवर्णीय चर्चमधली भक्तिगीतं, म्हणतो ती घडण बरीचशी त्याची. ऑगस्ट १९३२ मध्ये तो कामासाठी सेंट लुईसला गेला असताना तार आली की बाळंतपणात बायको गेली. तो घरी पोहोचला, आणि बाळही गेलं. त्या दुःखातून ‘प्रेशस लॉर्ड’ हे गीत आलं. चाल एका जुन्या स्तोत्राचीच, थोडी वळवलेली. शब्दांचा भाव एवढाच: प्रभू, माझा हात धर, मी थकलोय, मला घरी ने. हे गीत पुढे दोनदा आपल्या गोष्टीत येणार आहे, म्हणून लक्षात ठेवा.

डॉर्सी आणि महालिया अनेक वर्षं बरोबर फिरले. तो गाणी छापून घ्यायचा, ती उपासनेनंतर किंवा रस्त्याच्या कडेला उभी राहून गायची, लोक गाणं ऐकून छापील कागद विकत घ्यायचे. डॉर्सीला वाटे तिनं थोडं नेमकं, थोडं आवरून गावं. तिनं ते घेतलंही आणि सोडलंही. गायिकेचं आणि गीतकाराचं असंच असतं.

आता तुमचा मुख्य प्रश्न. हो, तिनं ब्लूज नाकारला, आणि तो ऐषआरामात बसून नाकारला नाही. १९३७ मध्ये डेक्का कंपनीनं तिची पहिली चार गाणी ध्वनिमुद्रित केली. खपली नाहीत. कंपनीनं ब्लूज गायला सांगितलं, ती नाही म्हणाली, करार संपला. प्रसिद्ध जॅझवादक लुई आर्मस्ट्राँगनं, तिच्याच गावच्या माणसानं, आपल्या बँडबरोबर गायला बोलावलं. तेही नाही. तिचा पहिला नवरा आयझॅक हॉकनहल शिकलेला रसायनतज्ज्ञ, पण मंदीत नोकरी गेलेली आणि घोड्यांवर पैसे लावायची सवय. त्याचं म्हणणं की असा आवाज चर्चमध्ये वाया घालवणं हा मूर्खपणा आहे. घरात पैसा नव्हता म्हणून १९३८ मध्ये ती त्याच्या आग्रहाखातर एका संगीत नाटकाच्या चाचणीला गेली, निवडली गेली, आठवड्याला साठ डॉलर ठरले. घरी येते तर नवऱ्याला काम मिळालेलं. तिनं नाटकाला नकार कळवून टाकला. १९४१ मध्ये त्यांचा घटस्फोट झाला.

यामागे आणखी एक गोष्ट आहे, तिनं स्वतः सांगितलेली. तिचे आजोबा शिकागोला आले होते. तिनं हट्टानं त्यांना फोटो काढायला पाठवलं. कडक उन्हाळा होता, वाटेत त्यांना झटका आला आणि ते बेशुद्ध पडले. तिनं नवस केला: हे वाचले तर मी पुन्हा कधी नाटक-सिनेमाच्या थिएटरात पाऊल टाकणार नाही. ते वाचले. नवस फेडणं म्हणजे काय हे मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही.

पण पाहा, ब्लूज तिच्या गळ्यातून गेला नव्हता. गंधार आणि निषाद हे सूर ती शुद्ध आणि कोमल यांच्या मधे कुठेतरी घासत लावते, ते बेसी स्मिथकडून आलेलं. तिनं नाकारली ती बैठक. ब्लूज ऐकणारा माणूस पेला हातात घेऊन ऐकतो, दाद देतो आणि निघून जातो. तिच्या शब्दांत ब्लूज हे निराशेचं गाणं आणि गॉस्पेल हे आशेचं. माझ्या भाषेत सांगायचं तर तिला दाद नको होती, झील हवी होती.

पोटाचं म्हणाल तर तिनं कधी गाण्यावर पूर्ण भार टाकला नाही. धुणं केलं, हॉटेलात खोल्या आवरल्या, कारखान्यात काम केलं. मग केशरचनेचं शिक्षण घेऊन स्वतःचं ब्युटी पार्लर काढलं, पुढे फुलांचं दुकान. शनिवार-रविवारी गाणं, आठवडाभर गिऱ्हाइकं. तुमच्या मनात "सगळं सोडून गाण्यात उडी घ्यावी का" असं असेल तर हे ध्यानात घ्या: तिला मोठं यश मिळालं तेव्हा ती छत्तीस वर्षांची होती आणि नकार देण्याची ताकद तिला त्या पार्लरनं दिली होती.

ते यश १९४७ चं. अपोलो या छोट्या कंपनीसाठी सप्टेंबरमध्ये तिनं ‘मूव्ह ऑन अप अ लिटल हायर’ गायलं, मेम्फिसचे पाळक विल्यम हर्बर्ट ब्रूस्टर यांचं गीत. गाणं इतकं लांब की तबकडीच्या दोन्ही बाजू भराव्या लागल्या. वरवर पाहता स्वर्गात गेल्यावर कुणाकुणाला भेटणार याचं वर्णन. पण ब्रूस्टर यांनीच पुढे सांगितलं की त्यात शिक्षणात, व्यवसायात, राजकारणात एक पायरी वर चढण्याचं आवाहनही होतं. ऐकणाऱ्यांना ते बरोबर समजलं. १९४८ च्या सुरुवातीला तबकडी बाजारात आली आणि लाखोंनी खपली. शिकागोत दुकानदारांना पुरवठा करता येईना. स्टड्स टर्केल नावाच्या गोऱ्या निवेदकानं ती रेडिओवर लावली आणि चर्चबाहेरच्यांनी तिचं नाव पहिल्यांदा ऐकलं.

नोटेशनमध्ये काय सापडत नाही ते या गाण्यावर दाखवते. पहिली गोष्ट, ती वाक्याच्या शेवटी श्वास घेत नाही. शब्दाच्या मधेच तोडते, श्वास घेते आणि उरलेला अर्धा शब्द जास्त जोरानं टाकते. शाळेतला नियम मोडला जातो, पण त्या फटीत ऐकणाऱ्याला "हां!" म्हणायला जागा मिळते. दुसरी गोष्ट, एकच ओळ ती पाच-सात वेळा घेते आणि दरवेळी एकच काहीतरी बदलते: कधी सुरुवात अर्ध्या मात्रेनं उशिरा, कधी शेवटचा सूर वर. कीर्तनात बुवा एका चरणावर थांबतात आणि टाळकरी ते उचलून धरतात, तेच हे. तिसरी गोष्ट टाळी. आपण समेवर टाळी देतो. त्यांच्याकडे चारच्या ठेक्यात टाळी दोनवर आणि चारवर पडते.

माझ्या क्वायरला हे शिकवायला मला तीन आठवडे लागले. बायकांचे हात आपोआप एकवर यायचे, गाणं जड व्हायचं, जणू कुणी प्रत्येक पावलावर दगड ठेवतंय. शेवटी मी सगळ्यांना उभं केलं, चपला काढायला लावल्या, आणि म्हटलं, एकवर डावा पाय, दोनवर टाळी, तीनवर उजवा पाय, चारवर टाळी. तोंड बंद. दहा मिनिटं फक्त पाय आणि हात. अकराव्या मिनिटाला मागच्या रांगेतल्या एका मावशींनी, कुणी न सांगता, हलकेच हुंकार भरायला सुरुवात केली. गाणं तिथून सुरू झालं. तुम्ही घरी एकट्यानं सराव करत असाल तर निदान एवढं करा. बसून गाऊ नका.

१९५० च्या ऑक्टोबरात ती न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये गायली. त्या मंचावर फक्त गॉस्पेलचा कार्यक्रम होण्याची ती पहिली वेळ मानली जाते. पुढच्या वर्षी मॅसॅच्युसेट्समधल्या लेनॉक्स इथं जॅझचे अभ्यासक जमले होते, त्यांनी तिला बोलावून हे सूर कुठून आले, हा ठेका कुठला असं विचारलं. ती गात राहिली आणि ते आपसात वाद घालत राहिले. १९५२ मध्ये युरोपचा दौरा झाला. त्याच सुमारास शरीरात सारकॉइडोसिस नावाचा आजार निघाला, जो पुढे कधी पूर्ण सुटला नाही.

या सगळ्यात तिच्या डाव्या हाताला पियानोवर मिल्ड्रेड फॉल्स होती. तिचं नाव तुम्ही ऐकलं नसेल, आणि हे मला मनापासून वाईट वाटतं. महालिया मात्रा मोडून कुठेही जायची, सूर न सांगता पट्टी हलवायची, आणि मिल्ड्रेड तिथे आधीच पोहोचलेली असायची. उजव्या हातात घरंगळणारे तीन-तीनचे स्वरसमूह, डाव्यात चालतं पाऊल. मंडळी जमलेली नसेल तेव्हा एकटी मिल्ड्रेड झील धरायची. तिला तिच्या तोलाचा मोबदला मिळाला नाही आणि शेवटी दोघींचं फाटलं. महालियावर माझं प्रेम आहे, पण हा हिशेब तिच्या नावावर राहतोच.

१९५४ मध्ये ती कोलंबिया या ध्वनिमुद्रण कंपनीकडे गेली. मोठी कंपनी, मोठा पैसा, दूरचित्रवाणी, एड सलिव्हनचा कार्यक्रम. आणि माझ्या कानाला इथे नुकसान ऐकू येतं. रेडिओला तीन मिनिटांचं गाणं हवं, मागं तंतुवाद्यांचा ताफा, लिहून ठेवलेला कोरस. कोरस म्हणजे झील नव्हे. कोरसला आधीच माहीत असतं कुठे काय म्हणायचं. चर्चमध्ये तेच गाणं ती दहा, पंधरा मिनिटं फुलवायची, कारण लोक सोडत नसत. मला हे फार जवळून कळलं. एका स्टुडिओत मला एकटीला काचेच्या खोलीत उभं केलं, कानात ठोक्याचा टिकटिक आवाज, आणि तीच ओळ अठरा वेळा गायला लावली. एकही सूर चुकलेला नव्हता आणि एकही सूर जिवंत नव्हता. मी ते ध्वनिमुद्रण घरी कुणाला ऐकवलं नाही.

दौऱ्यावरचं तिचं जगणंही सांगायला हवं, कारण लोक फक्त टाळ्या बघतात. दक्षिणेत कृष्णवर्णीयांना हॉटेलात खोली मिळत नसे, रस्त्याकडेच्या खाणावळीत बसता येत नसे. ती स्वतःच्या गाडीतून फिरायची, डबा बरोबर घ्यायची, वेळ पडली तर गाडीतच झोपायची. आयोजक बुडवतात हा अनुभव गाठीशी होता, म्हणून पैसे रोख मागायची आणि अंगावरच्या कपड्यांत लपवून ठेवायची. शिकागोत गोऱ्यांच्या वस्तीत तिनं घर घेतलं, तेव्हा खिडक्यांवर गोळ्या झाडल्या गेल्या आणि दारात पोलीस बसवावे लागले. तेव्हा ती देशातली सगळ्यात प्रसिद्ध भक्तिगायिका होती.

१९५६ मध्ये बॅप्टिस्टांच्या अधिवेशनात तिची कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणारे पाळक मार्टिन ल्यूथर किंग यांच्याशी गाठ पडली. त्याच वर्षी ती मॉन्टगोमेरीला गायला गेली, तिथे बसमध्ये वर्णभेद होतो म्हणून कृष्णवर्णीयांनी बसवर बहिष्कार टाकला होता त्यासाठी. पुढे किंग यांचं मन खचलं की ते तिला फोन करत आणि ती फोनवरच गाऊन दाखवत असे. २८ ऑगस्ट १९६३ रोजी वॉशिंग्टनच्या मोर्चात, अडीच लाख लोकांसमोर, किंग यांच्या भाषणाआधी ती गायली. पहिलं गुलामगिरीच्या काळातलं, अपमान सोसल्याचं, फार संथ. दुसरं उडतं, टाळ्यांचं. मग किंग लिहून आणलेलं भाषण वाचू लागले. भाषण चांगलं होतं, पण वाचलं जात होतं. मागं बसलेल्या महालियानं ओरडून सांगितलं, "मार्टिन, त्यांना स्वप्नाचं सांग!" किंग यांचे सहकारी क्लॅरेन्स जोन्स यांनी हे नंतर सांगितलं आहे. किंग यांनी जूनमध्ये डेट्रॉइटला स्वप्नाचा तो भाग बोलून दाखवला होता. त्यांनी समोरचा कागद बाजूला सारला आणि पुढचं सगळ्या जगानं ऐकलं.

इतिहासाच्या पुस्तकांत हा एक मजेदार किस्सा म्हणून येतो. मला त्यात काही मजेदार दिसत नाही. ती चर्चमधली बाई होती, पाळक अडखळला की मंडळीतून आवाज द्यायचा हे तिला बालपणापासून ठाऊक होतं. आयुष्यभर जिला लोकांनी झील दिली, तिनं त्या दिवशी ती दुसऱ्याला दिली.

१९६८ च्या एप्रिलमध्ये किंग यांच्या अंत्यविधीत तिनं डॉर्सीचं ‘प्रेशस लॉर्ड’ गायलं. गोळी लागण्याच्या काही क्षण आधी किंग यांनी सज्जातून खाली उभ्या असलेल्या वादकाला संध्याकाळी तेच गीत वाजवायला सांगितलं होतं.

आपल्याकडेही ती आली होती, हे पुष्कळांना माहीत नसतं. १९७१ मध्ये अमेरिकेच्या परराष्ट्र खात्यानं तिचा भारत दौरा आखला. कोलकाता, दिल्ली, मद्रास आणि मुंबई. तिकिटं हातोहात संपली, दिल्लीत इंदिरा गांधी तिला भेटल्या. त्या वेळी हृदय थकलेलं होतं. काही महिन्यांनी युरोपात ती आजारी पडली आणि २७ जानेवारी १९७२ रोजी, साठाव्या वर्षी, शिकागोजवळच्या रुग्णालयात गेली. शिकागोतल्या अंत्यविधीत गायिका अरेथा फ्रँकलिननं गायलेलं गीत पुन्हा तेच, ‘प्रेशस लॉर्ड’. दफन तिच्या गावाजवळ, लुइझियानात.

ऑर्केस्ट्राबद्दल तुम्ही माझं मत विचारलंय, तर सांगते. जायला हरकत नाही, तुम्ही नवस बोललेला नाही. फक्त महिन्यातून निदान दोन रविवार तुमच्या मंडळीसमोर गा, माइक बंद करून, आणि त्यांना अडवू नका. म्हातारे मधेच "हालेलुया" म्हणतील, लहान मूल रडेल, कुणी चुकीच्या पट्टीत सूर मिसळेल. त्या सगळ्याला धरून गायला शिकलात तर ऑर्केस्ट्रात तुमचं काही बिघडणार नाही.

ऐकायला कुठून सुरुवात करू म्हणालात. आधी १९४७ ची दोन बाजूंची तबकडी, पायानं ठेका धरून. मग १९५८ च्या न्यूपोर्ट जॅझ महोत्सवाचं चित्रीकरण मिळतं ते पाहा. शनिवारची मध्यरात्र उलटून रविवार लागलेला, पावसाळी हवा, समोर बहुतेक गोरे, जॅझ ऐकायला आलेले. पावसाच्या गाण्यावर ते उठून उभे राहतात, टाळ्या थांबेनात. ती हसते, लाजते. मग मिल्ड्रेड दोन-तीन स्वर देते आणि ती प्रभूची प्रार्थना सुरू करते, आपण रविवारी "हे आमच्या स्वर्गातील पित्या" म्हणतो तीच. त्या वेळी तिचे हात पाहू नका, समोरच्या लोकांचे चेहरे पाहा.